पंचाहत्तर शेर

“पंचाहत्तर,” काटेवाली म्हणाली.

“कालही पंचाहत्तर, परवाही पंचाहत्तर,” काट्यावर उभी असलेली बाई हसली. “आता उतरू, की इथेच बसवतेस मला?”

“उतर. मागे रांग आहे.”

रांगेतल्या बायका खुसखुसल्या. काटेवालीने वहीत आकडा लिहिला आणि मान वर केली. काट्यावरून उतरलेली बाई निवडणीच्या शेडकडे चालली होती. झगा खांद्यावरून ओघळत होता. मानेखालचा मणका गाठीसारखा वर आला होता. काटेवालीचा डोळा म्हणत होता, अडुसष्ट. फार तर एकोणसत्तर. आणि काटा म्हणत होता पंचाहत्तर.

सव्वीस वर्षं ती या फाटकातल्या काट्यापाशी बसत होती आणि या सव्वीस वर्षांत तिचा डोळा शेराच्या वर कधी चुकला नव्हता. गल्लीतली पोरं तिची वाट अडवून “मावशी, मी किती?” असं विचारायची आणि आकडा ऐकून पळत सुटायची. बाजारात ती समोर आली की भाजीवाले आपणहून एक बटाटा जास्त टाकायचे. शेडमधल्या बायका तिच्या पाठीमागे तिला नुसतं ‘काटा’ म्हणत. “गप्प बसा गं, काटा आला,” असं कोणीतरी कुजबुजायचं आणि सगळ्या चिडीचूप व्हायच्या. हे तिला ठाऊक होतं. तिला त्याचं वाईट वाटत नसे. संशय घेण्यासाठीच तर तिला बसवलं होतं.

डोंगराच्या पोटातून निघायचा तो अधरखडा. साऱ्या मुलखात तो याच एका डोंगरात सापडे, आणि इथेही गाडाभर दगड फोडावा तेव्हा कुठे चिमूटभर हाती लागे. करड्या दगडाच्या कवचात असेपर्यंत तो चारचौघांसारखा पडून राही. कवच फोडलं की दुधी रंगाचा खडा मोकळा व्हायचा आणि सुटला बाण तसा वर जायचा. वाटाण्याएवढा खडा शेरभर ओझं हलकं करी. पूल त्यांच्यावर तोलले होते, आणि मालाने लादलेल्या गाड्या रस्त्यापासून वीतभर वर, एका बैलाच्या ओढीने जात. असा एक खडा बाहेर विकला तर माणूस जन्मभर बसून खाईल. म्हणून दगड फोडून खडे वेगळे करायच्या निवडणीच्या शेडमध्ये छपराखाली बारीक जाळी ताणलेली होती, हातून निसटलेला खडा तिथे अडकावा म्हणून. आणि फाटकात काटा होता. प्रत्येक बाईने आत जाताना वजन द्यायचं, बाहेर पडताना वजन द्यायचं. खाणंपिणं धरून अर्धा शेर इकडेतिकडे चाले. त्याहून हलकी झाली तर अंगावर खडा आहे असं समजायचं.

आणखी एक नियम होता. एका हंगामात कोणी पाच शेरांनी उतरली तर तिला कामावरून कमी करत. कचेरीचा रोडावलेल्या माणसावर विश्वास नव्हता.

जिचं वजन पंचाहत्तर भरत होतं ती बाई परकी नव्हती. काटेवालीच्या मुलाची सासू होती ती. त्याही आधीची मैत्रीण. दोघी एकाच आठवड्यात कामाला लागल्या होत्या. ही निवडणीत, ती आधी झाडलोटीला आणि मग काट्यावर. तरुणपणी ही विहीण इतकी गुटगुटीत होती की सगळ्या तिला ढब्बू म्हणत, आणि पन्नाशी उलटली तरी ते नाव चिकटून राहिलं होतं. तीस वर्षं भरली की कामगाराला कारखान्याच्या चाळीतली खोली मरेपर्यंत मिळे. ढब्बूची तीस वर्षं भरायला चार महिने उरले होते.

त्या संध्याकाळी फाटक बंद झाल्यावर काटेवालीने मापं काढली आणि काटा तपासला. पाच शेर टाकले, सुई पाचावर. पन्नास टाकले, पन्नासावर. काट्याला काही झालेलं नव्हतं. मग तिने वही मागे चाळली. बाकी सगळ्या बायकांचे आकडे भरती-ओहोटीसारखे खालीवर होत होते. कोणी आजारी पडली होती, कोणाला दिवस गेले होते, कोणी माहेरपणाला जाऊन चार शेर वाढवून आली होती. ढब्बूचा आकडा सहा महिने जागचा हलला नव्हता. पंचाहत्तर. पंचाहत्तर. पंचाहत्तर.

जिवंत माणूस असं एका आकड्यावर राहत नाही. कुठेतरी पाणी मुरत होतं.

आणि गेल्या दोन महिन्यांत शेडमधून सहा खडे गेले होते.

मुख्य कचेरीतून एक तपासनीस आला होता. तरुण, अदबीने बोलणारा. तो रोज फाटकात खुर्ची टाकून बसायचा आणि काटेवालीच्या हातांकडे बघायचा. पहिल्या दिवशी त्याने तिलाच काट्यावर चढायला लावलं होतं.

“बाई, राग मानू नका,” तो म्हणाला होता. “काटा सगळ्यांना तोलतो. काटेवालीला कोण तोलतं?”

सव्वीस वर्षांत हा प्रश्न तिला कोणी विचारला नव्हता. तेव्हापासून तिचं चित्त थाऱ्यावर नव्हतं.

घरी आल्यावर तिने सुनेला सहज विचारल्यासारखं विचारलं, “तुझी आई जेवते ना गं नीट?”

सून पाचव्या महिन्यात होती. पाय पसरून भाजी चिरत होती. “जेवते की. का?”

“नाही, झगा सैल वाटला.”

“जुनाच झगा आहे तो.”

“मग घेरापाशी नवी शिवण कशी दिसते?”

सुनेने सुरी खाली ठेवली. “आई, तुम्ही हे मला विचारताय की फाटकातून विचारताय?”

“विचारलं तर काय बिघडलं?”

“काही बिघडलं नाही. गेल्या महिन्यात तेल लवकर संपलं तेव्हाही नुसतं विचारलंच होतं तुम्ही. मग डब्यावर कोळशाची रेघ मारून ठेवलीत.”

अधरगाडी हाकून दमून आलेला मुलगा कोपऱ्यात पाय धूत होता. तो हसायच्या बेतात होता, पण दोघींची तोंडं बघून त्याने आवाज गिळला. काटेवालीच्या मनात मात्र पाल चुकचुकली ती चुकचुकलीच. प्रश्न साधा होता. साध्या प्रश्नाला ही इतकी का चिडली? हिला काही ठाऊक आहे का?

सुट्टीच्या दिवशी सकाळी ती न सांगता चाळीत गेली. ढब्बूचं दार लोटलेलं होतं. काटेवालीने ढकललं तशी आत काहीतरी घाईने सारल्याचा आवाज आला. ढब्बू पलंगावर बसलेली होती आणि तिचा हात उशीखालून बाहेर येत होता. खिडकीच्या फळीवर चामडं शिवायचा जाड दाभण होता, मेण लावलेला दोरा ओवलेला.

“ये की. दाराला कडी नाही म्हणून चोरासारखी आलीस?”

“वाटेवर होते,” काटेवाली म्हणाली. “दाभण कशाला लागतो तुला?”

“चप्पल तुटली होती.”

दाराशी चपला होत्या. काटेवालीने येतानाच पाहिल्या होत्या. दोन्ही धड होत्या.

ढब्बू उठली नाही. चहाची गोष्ट निघाली तेव्हा म्हणाली, “तूच टाक. माझेही पाय आज सुट्टीवर आहेत.” काटेवालीने चूल पेटवली, भांडं ठेवलं आणि पाठ वळवून उभी राहिली, पण कान मागे होते. उशीखाली काय आहे? पलंगावरून उठत का नाही? बोटातल्या अंगठीला दोरा का गुंडाळलाय? चहा देताना तिने नीट पाहिलं. अंगठीच्या आतून दोऱ्याचे पाच-सहा वेढे होते, नाहीतर ती गळून पडली असती.

“काय बघतेस?” ढब्बू म्हणाली. “तोलतेयस मला?”

“छे गं.”

“तोल, तोल. सवय आहे तुझी. तुझ्या मुलाचं लग्न ठरलं तेव्हा तू माझ्या पोरीला बघितलंस आणि पहिलं वाक्य काय बोललीस? त्रेपन्न.”

दोघी हसल्या. हसताना ढब्बूने पोटाशी हात दाबला आणि चटकन काढून घेतला. काटेवालीने तेही टिपलं. झग्याखाली, कमरेपाशी काहीतरी आहे, ती मनाशी म्हणाली. सरळ विचारावं असं एकदा तिच्या ओठांवर आलं. विचारलं असतं तर कदाचित पुढचं काही घडलं नसतं. पण विचारलं आणि तिने सावध होऊन माल हलवला तर? सव्वीस वर्षांची सवय जिभेला अशी आवर घालून बसली होती की मैत्रिणीशी बोलतानाही तिला आधी पुरावा सुचत होता.

दोन दिवसांनी सातवा खडा गेला. आणि तो ढब्बूच्या टेबलावरचा होता.

तपासनीसाने काटेवालीला कचेरीत बोलावलं. मोठे साहेब खिडकीतून बाहेर बघत उभे होते. बोलला तो तपासनीसच.

“बाई, वरून पत्र आलंय. एकच बाई सव्वीस वर्षं काट्यावर. निवडणीत तिची विहीण. आणि तिच्याच टेबलावरचा खडा गेला. मुलगा अधरगाडीवर, म्हणजे माल बाहेर न्यायची सोय घरातच. मी काही म्हणत नाही. पण वरचे काय म्हणतील, तुम्हीच सांगा.”

काटेवालीला मुलाचा चेहरा दिसला, सुनेचं वाढतं पोट दिसलं.

“मला एका बाईचा संशय आहे,” ती म्हणाली.

हे ती भीतीपोटी बोलली की कर्तव्य म्हणून, हे तिचं तिला पुढेही कधी नक्की सांगता आलं नाही. मात्र संशय खोटा नव्हता. तो तिला खराच आला होता, आणि बोलून टाकल्यावर क्षणभर तिचा जीव भांड्यात पडला होता.

संध्याकाळी रांग लागली. ढब्बूची पाळी आली तशी ती नेहमीसारखी काट्यावर चढली.

“पंचाहत्तर,” काटेवाली म्हणाली. मग तिने नजर न उचलता म्हटलं, “झग्याच्या घेराची दुमड दाखव.”

ढब्बूने तिच्याकडे पाहिलं. तपासनीस खुर्चीतून उठला होता.

“तू मला सांगतेस?” ढब्बू हळूच म्हणाली.

“काटा सांगतोय.”

“काटा पंचाहत्तर सांगतोय. ते तर बरोबर आहे.”

“दुमड उसव.”

ढब्बूने वाद घातला नाही. वाकताना तिला त्रास झाला. एका हाताने खांब धरून दुसऱ्या हाताने तिने दुमडीचा मेणाचा दोरा ओढला. लोखंडाचे छर्रे टपटप खाली पडले आणि दगडी फरशीवर चारी दिशांना पळाले. मग तिने कमरेची कापडी पिशवी सोडली आणि काट्याशेजारी ठेवली. सुई सरकत सरकत अडुसष्टावर थांबली.

“बघा!” तपासनीस म्हणाला. “खडा उचलतो, लोखंड दाबतं. सात शेरांचं लोखंड, सात शेरांचे खडे. हिशेब बसला.”

बायकांत कुजबुज सुरू झाली. ‘ढब्बू? आपली ढब्बू?’ असं कोणीतरी म्हणालं. लोखंड सकाळीही अंगावर होतं, कालही होतं, सहा महिने थोडं थोडं वाढत होतं, हे ढब्बूने सांगितलं नाही. सांगितलं असतं तर कशासाठी हे सांगावं लागलं असतं, आणि पाच शेरांच्या नियमाने काम आणि खोली तिथल्या तिथे गेली असती. ती फक्त सरळ उभी राहिली आणि समोरच्या भिंतीकडे बघत राहिली.

झडती झाली. केस सोडले, तोंड उघडून पाहिलं, झगा उलटा केला. खडा सापडला नाही.

“गिळला असणार,” तपासनीस म्हणाला.

तिला तीन दिवस कोठारामागच्या खोलीत ठेवलं. कारखान्याचा डॉक्टर जुलाबाचं औषध देऊन जाई. सकाळ-संध्याकाळ तिचं वजन करायचं काम काटेवालीचं. खडा पोटातून बाहेर पडला की वजन वाढायला हवं, असं तपासनीसाचं गणित होतं.

पहिल्या संध्याकाळी अडुसष्ट. दुसऱ्या सकाळी साडेसदुसष्ट. दुसऱ्या संध्याकाळी सदुसष्ट.

काट्यावर चढायला ढब्बूला पायरी जमेना तेव्हा काटेवालीने तिचा दंड धरला. सव्वीस वर्षांत तिने हजारो बायका तोलल्या होत्या, पण एकीलाही कधी हात लावला नव्हता. तिची बोटं दंडाभोवती पूर्ण फिरली आणि एकमेकांना भेटली. हाताला कळलं ते ना डोळ्याला कळलं होतं, ना काट्याला.

“काय होतंय गं तुला?” तिने खालच्या आवाजात विचारलं.

“काटेवालीने आकडा सांगायचा,” ढब्बू म्हणाली. “बाकी चौकशी करायची नाही.”

“ढब्बू, सांग ना. मी त्यांना सांगते.”

“सुट्टीच्या दिवशी माझ्या खोलीत चहा केलास. तेव्हा तोंड होतं तुला. तेव्हा का नाही विचारलंस?”

काटेवाली तशीच कचेरीत गेली. “साहेब, ती बाई आजारी आहे. तिच्या अंगावर मांस नाही. खडा नाही, काही नाही, ती नुसती झडत चाललीय.”

तपासनीसाने कागदावरून नजर उचलली. “बाई, सहा महिने तुम्ही तिला रोज दोनदा बघताय. तेव्हा तुम्हाला चोर दिसला. आज आजारी दिसतेय. उद्या काय दिसेल?”

तिसऱ्या दिवशी डॉक्टरने पोट दाबून पाहिलं. बरगडीखाली त्याचा हात थांबला. “कडक काहीतरी लागतंय,” तो म्हणाला, आणि तपासनीसाचा चेहरा उजळला. डॉक्टरने पुन्हा दाबलं, कूस बदलायला लावली, पुन्हा दाबलं. मग हात पुसत म्हणाला, “खडा कूस बदलली की वर येईल. हे जागचं हलत नाही. ही गाठ आहे, साहेब. चांगली मुठीएवढी. आणि जुनी.”

ढब्बूने झगा खाली ओढला आणि स्वतःच उठून बसली. “मला माहीत आहे,” ती म्हणाली. “माझ्या पोरीला सांगू नका. तिला दिवस गेलेत.”

चोरी सिद्ध झाली नाही. पण लोखंड बांधून काट्याला फसवल्याबद्दल तिला कामावरून काढलं आणि आठ दिवसांत खोली रिकामी करायला सांगितलं. तीस वर्षांना साडेतीन महिने कमी पडले.

सुनेला अर्थात सगळं कळलं. चाळीत अशी गोष्ट झाकून राहत नाही. ती रडली नाही, भांडली नाही. आपले कपडे एका गाठोड्यात बांधले आणि दाराशी उभी राहिली.

“तुम्ही मला विचारलं होतंत,” ती सासूला म्हणाली. “आई नीट जेवते का म्हणून. मला वाटलं, तुम्ही चोर शोधताय. म्हणून मी चिडले. तुम्ही माणूस म्हणून विचारलं असतंत तर मीही जाऊन बघितलं असतं. आता मला स्वतःचाही राग येतो आणि तुमचाही.”

मुलगा गाठोडं उचलून तिच्यामागे निघाला. उंबऱ्यात थबकला. “तेलवाल्याच्या दुकानावर एक खोली घेतलीय. तिघांना पुरेल,” एवढंच म्हणाला. तू येऊ नकोस असं तो म्हणाला नाही, आणि ये असंही म्हणाला नाही.

काटेवाली कामाला जात राहिली. रांगेतल्या बायका आता खुसखुसत नव्हत्या. एकेक वर चढायची, आकडा ऐकायची, उतरायची. काटेवालीच्या मनात मात्र तरीही एक बारीक आशा होती, आणि त्या आशेची तिला स्वतःलाच शिसारी येत होती. ढब्बू आजारी आहे हे खरं. पण खडेही गेले हेही खरं. निदान एखादा तरी तिने नेला असेल. आजारी माणूसही चोरी करतं. एक खडा जरी निघाला, तरी आपण अगदीच चुकलो नव्हतो, असं तिला म्हणता आलं असतं. रोज सकाळी ती ही आशा घेऊन काट्यावर बसायची.

तिसऱ्या आठवड्यात दुपारी शेडच्या कोपऱ्यातला पत्रा उचकटला. वारा नव्हता, वादळ नव्हतं. खिळे आपोआप ढिले होत आले होते आणि पत्र्याचं एक टोक वर उचललं जाऊन थरथरत होतं. सुताराला वर चढवलं. त्याने शिडीवरून जाळीच्या कडेला हात घातला आणि खाली ओरडला, “ही जाळी कोणी बांधली? भिंतीपासून चार बोटं मोकळी आहे!”

तीन महिन्यांपूर्वीच नवी जाळी बसवली होती. त्या फटीतून वर गेलेले खडे वाशाच्या मागे, पाखराच्या एका जुन्या घरट्यात जाऊन बसले होते आणि सगळे मिळून पत्र्याला रेटा देत होते. सुताराने एकेक करून ते शिशाच्या डबीत टाकले. खाली जमलेल्या बायका मोजत होत्या. पाच. सहा. सात.

सातावर तो थांबला. “आणखी नाहीत.”

सात खडे गेले होते आणि सातही सापडले. कोणी काही चोरलंच नव्हतं.

एका बाईला हसू फुटलं, मग तिनेच हाताने तोंड दाबलं. सगळ्यांनी वळून फाटकाकडे पाहिलं. काटेवाली शेडच्या दारात उभी होती. तिला कोणी काही बोललं नाही, आणि बोललं असतं तर बरं झालं असतं असं तिला वाटलं. ती परत जाऊन काट्यापाशी बसली. संध्याकाळी रांग लागली तेव्हा तिने प्रत्येकीचा आकडा सांगितला, वही मिटली, आणि मग किल्ल्या मोठ्या साहेबांच्या टेबलावर नेऊन ठेवल्या.

“उद्यापासून दुसरं कोणी बघा.”

“बाई, तुमची चूक नव्हती. कोणालाही संशय आला असता.”

“कोणालाही आला असता,” ती म्हणाली. “पण कोणीही तिची विहीण नव्हतं. तिच्या खोलीचं काय करता ते सांगा.”

साहेबांनी नियम सांगितले, वरची परवानगी सांगितली. ती खुर्चीत बसून राहिली. दिवे लावायला शिपाई आला तरी उठली नाही. शेवटी साहेबांनी पत्र लिहून सही केली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती तेलवाल्याच्या दुकानाचा जिना चढली. सुनेने दार अर्धं उघडलं आणि तसंच धरून ठेवलं.

“कोण आहे गं?” आतून आवाज आला.

“त्या आहेत,” सून म्हणाली. एरवी ती काटेवालीला आई म्हणायची.

आत खाट करकरली. मग, “येऊ दे.”

ढब्बू खिडकीपाशी खाटेवर टेकून बसली होती. काटेवालीने तिच्याकडे पाहिलं आणि पहिल्यांदाच तिच्या मनात आकडा आला नाही. तिने पत्र वाचून दाखवलं.

“खोली परत मिळाली,” ती म्हणाली.

“परत कसली? माझीच होती. ठेव तिथे.”

“खडे सापडले. सगळे. वाशामागे होते.”

“कळलं मला. काल चौघी येऊन सांगून गेल्या.”

“ढब्बू, मी...”

“नको,” ढब्बू म्हणाली. “ते तू घरी जाऊन बोल. मला ऐकून घ्यायचं बळ नाही, आणि ऐकलं तर उत्तर द्यावं लागेल. बसायचं असेल तर बस.”

काटेवाली बसली. खालच्या रस्त्यावरून एक गाडी गेली. बैलाच्या गळ्यातली घंटा बराच वेळ ऐकू येत राहिली. ती विरल्यावर ढब्बू म्हणाली, “हात वर जात नाहीत आता. पोरगी विंचरते, पण ओढते फार. फणी तिथे आहे.”

काटेवालीने फणी घेतली आणि तिच्या मागे जाऊन बसली. केस रुक्ष झाले होते. तिने टोकाकडून सुरुवात केली, मग थोडं वर, मग आणखी वर. फणीत केस येऊ लागले. आधी चार, मग बटच्या बट. तिने ते अलगद काढून डाव्या मुठीत घेतले. आणखी आले, तेही घेतले.

“मुठीत काय आहे?” ढब्बूने मागे न बघता विचारलं.

“काही नाही.”

“उघड.”

काटेवालीने हात पुढे केला आणि मूठ उघडली. ढब्बू त्या करड्या गुंतवळाकडे बघत राहिली.

“रोज एवढे जातात?” तिने विचारलं.

“एवढे गेले आज,” काटेवाली म्हणाली.

ढब्बूने मान हलवली. तिने तो गुंतवळ उचलून खिडकीच्या फळीवर ठेवला आणि पुन्हा सरळ बसली. सून दारात येऊन उभी होती. किती वेळ, कोणास ठाऊक.

“भांग सरळ काढ,” ढब्बू म्हणाली. “उद्या खोलीवर जायचंय. चाळीतल्या सगळ्या बघायला येतील.”

काटेवालीने फणीचं टोक तिच्या कपाळावर मधोमध टेकवलं आणि श्वास रोखून मागे नेलं.